डाव्या बाजूचा आतला

नवतप्याचा तिसरा दिवस.
नऊ वाजले की पान्याला हात लावता येत नाही,
म्हणून साडेपाचलाच आम्ही फाटकात.
बाबा प्लास्टिकच्या खुर्चीत, गुडघ्याला पट्टा,
आणि मी खाली, जुन्या चादरीवर,
वीस वर्षांच्या झेनसमोर उकिडवी.

आठ दिवस ती ओरडत होती.
छत्रपती चौकात सिग्नलला थांबताना
पाटीवर खिळा ओढल्यासारखी.
मेकॅनिक अडीच हजार म्हणाला.
बाबा म्हणाले, "काहून? आपले हात काय गहाण आहेत?"
हात माझे होते. पण ठीक आहे.

"आधी मागच्या चाकांना विटा.
नट सैल कर गाडी जमिनीवर असतानाच. मग जॅक.
उलटं केलं तर चाकच फिरत राहीन."
नट हलेना. मी पान्यावर उभी राहिले,
बावन्न किलोंची भूगोलाची बाई.
गजभिये काका दूध घेऊन येत होते
ते तिथेच थांबले, पिशवी हातात.
कर्रर्र. सुटला.

चाक निघालं. काळी भुकटी नखांत गेली.
"फुंकू नको, छातीत जाते. ओलं फडकं घे."
खालचा बोल्ट काढला, कॅलिपर वर उचलला,
पाइपवर भार नको म्हणून
पायजम्याच्या नाडीनं स्प्रिंगला बांधला.

बाहेरचा पॅड बरा होता.
अजून वर्षभर गेला असता.
चाकाच्या भोकातून बॅटरी मारून
बाबा दर दिवाळीला तोच पाहायचे
आणि म्हणायचे, "आहे अजून, आहे."
आतला हातात आला तेव्हा
वाटलं, चुकून पत्राच निघाला.
मसाला संपलेला. लोखंड लोखंडावर.
डिस्कच्या मागच्या अंगाला रेघा, बोटाला लागणाऱ्या.
"पिन जाम झाली असन," बाबा म्हणाले,
"एकट्यावरच आलं सगळं."
मग बराच वेळ काही बोलले नाहीत.

दाराशी आई सांबार निवडत होती.
गाडी तिनं कधी चालवली नाही. पण
वर्धा रोडवर ट्रक आडवा आला की
डाव्या सीटवर तिचा उजवा पाय
खाली जायचा, जोरात, बाबांच्या आधी.
तिथं काहीच नव्हतं. मॅट फक्त.
काल ती मॅट मी धुवायला काढली:
टाचेच्या जागी भोक, चार आण्याएवढं.
ड्रायव्हरकडच्या मॅटला नाही.

पिन घासली, ग्रीस लावलं.
पिस्टन ढकलायला काकांच्या पोराचा सुतारी शिकंजा,
अर्धा आटा, थांब, अर्धा आटा.
वर बाटलीत तेल चढलं
ते बाबांनी उभं राहून सिरिंजनं ओढलं,
हात थरथरत होता, थेंब सांडला नाही.
नवे पॅड बसले. टक्.
उजव्या चाकाचंही तेच, अर्ध्या वेळात.

साडेआठ. फाटकाची कडी तापायला लागली.
"आता गाडी काढायची नाही. आधी पेडल मारायचं.
पहिल्यांदा खालपर्यंत जाते. घाबरायचं नाही."
माझे हात काळे. बाबांचा गुडघा वाकत नाही.
"ऐकून राहिली का?" त्यांनी दाराकडे हाक मारली.

आई पदर खोचत आली.
उजवीकडचं दार उघडून बसली,
स्टीअरिंगला न शिवता,
दुसऱ्याच्या घरी बसतात तशी.
"कोणता?"
"मधला."
दाबला. खालपर्यंत गेला.
तिच्या चेहऱ्यावर काही नवल नाही,
हे तिला माहीतच होतं.
"अजून मार."
दुसऱ्यांदा. तिसऱ्यांदा.
चौथ्यांदा पाय अर्ध्यातच थांबला.
तिनं माझ्याकडे पाहिलं. पुन्हा दाबला,
जरा जास्तच जोरात.
"अगं बाई," ती म्हणाली,
"हा तर ऐकते."

"झालं, उतर आता," बाबा म्हणाले.
गजभिये काकांचं दूध बहुतेक नासलं होतं.
सांबार उन्हात मान टाकत होता.
आई उतरली नाही,
बंद गाडीत, मधल्या पेडलवर पाय ठेवून
फाटकाकडे बघत राहिली.